एव्हीकोडेक डीएलएल सापडत नाही हा एरर परत परत येतोय? आधी फाइलच्या नावातला आकडा बघा

ज्यांच्या स्क्रीनवर आत्ता ती खिडकी उघडी आहे त्यांच्यासाठी आधी कामाचं सांगतो. प्रोग्राम चालू करायला गेलं की “एव्हीकोडेक-५८ डॉट डीएलएल सापडली नाही, प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल करून बघा” अशा अर्थाचा मेसेज येतो ना (डीएलएल म्हणजे प्रोग्राम चालताना उचलतो ती तयार कोडची वेगळी फाइल), तर तीन गोष्टी अजिबात करू नका. ती एकटी फाइल कुठल्या तरी डीएलएल वाटणाऱ्या साइटवरून उतरवू नका, दुसऱ्या आकड्याची फाइल घेऊन तिचं नाव बदलू नका, आणि विंडोजच्या सिस्टिम३२ फोल्डरमध्ये काहीही टाकू नका. यातलं काहीही केलंत तर आजचा एरर कदाचित जाईल, पण महिन्या-दोन महिन्यांनी तो दुसऱ्याच रूपात परत येतो आणि तेव्हा मूळ कारण शोधताना जीव जातो. मी यातल्या दोन गोष्टी स्वतः केल्यात म्हणून एवढ्या ठामपणे सांगतोय.

माझ्याकडे व्हिडिओ कापून जोडायचा एक जुना प्रोग्राम आहे, त्याला आता नवीन व्हर्जन येत नाही पण माझा हात त्यावर बसलेला आहे आणि त्याच्याइतकं झटपट काम दुसऱ्या कशात होत नाही. तो मध्येच एके दिवशी चालू होईना, हाच मेसेज. मी नेटवर शोधलं, कोणीतरी लिहिलं होतं की अमुक फोल्डरमध्ये ही फाइल टाका, टाकली, चालला. दोन-अडीच महिन्यांनी परत तेच. परत टाकली. तिसऱ्या वेळेला मात्र मी थांबलो आणि मागच्या दोन-तीन दिवसांत मशीनवर काय काय बदललं ते बघितलं, तर आदल्याच दिवशी माझ्या स्क्रीन रेकॉर्डरचा अपडेट झाला होता. मग लक्षात आलं, माझ्या जुन्या प्रोग्रामकडे स्वतःची एव्हीकोडेक फाइल कधीच नव्हती, तो इतकी वर्षं त्या रेकॉर्डरच्या फोल्डरमधली फाइल उसनी घेऊन चालत होता. रेकॉर्डरने इन्स्टॉल होताना आपला फोल्डर सिस्टिमच्या पाथमध्ये, म्हणजे विंडोज फाइली शोधतं त्या फोल्डरांच्या यादीत, घातला होता, त्यामुळे विंडोजला ती तिथे सापडायची. रेकॉर्डरने पुढे नवीन व्हर्जन घेतलं, ५८ ची जागा ६० ने घेतली, आणि माझ्या प्रोग्रामची उसनवारी बंद झाली. आणि मी जी फाइल आणून टाकत होतो ती त्याच रेकॉर्डरच्या फोल्डरमध्ये टाकत होतो, म्हणजे पुढच्या अपडेटला इन्स्टॉलर तो फोल्डर साफ करून नव्याने भरणार आणि माझी फाइल पुन्हा गायब. ज्यांचा हा एरर परत परत येतो त्यातल्या बऱ्याच जणांचं असंच काहीतरी असतं असं माझं ठाम मत आहे, फाइल कोणाची, ठेवली कुठे आणि ती जागा कोणाच्या ताब्यात, हे बघितलंच जात नाही.

आता तो आकडा. एव्हीकोडेक ही एफएफएमपेग या प्रोजेक्टची लायब्ररी, म्हणजे बाकीच्या प्रोग्रामनी वापरायचा तयार कोड. हा प्रोजेक्ट फाब्रिस बेलार्डने २००० साली सुरू केला, आणि आज व्हिडिओ-ऑडिओ उघडणारं, बदलणारं जे काही तुम्ही वापरता त्यातल्या कितीतरी गोष्टींच्या पोटात हीच बसलेली असते. एव्हीकोडेक एन्कोड-डिकोड करते, म्हणजे व्हिडिओ-आवाज आकसून साठवते आणि परत उलगडते, एव्हीफॉरमॅट एमपीफोर किंवा एमकेव्हीसारखा डबा उघडते आणि बांधते, एव्हीयुटिलमध्ये सगळ्यांना लागणारी फुटकळ कामं आहेत, एसडब्ल्यूस्केल चित्राचा आकार आणि रंगाचा फॉरमॅट बदलते, एसडब्ल्यूरीसॅम्पल आवाजाचा. या सगळ्या एकत्र, एकाच घरातून येतात आणि एकमेकींवर अवलंबून असतात. प्रत्येकीच्या नावात जो आकडा आहे तो तिचा मोठा व्हर्जन नंबर. तो बदलला याचा अर्थ आतली फंक्शन्स आणि डेटाची मांडणी बदलली, जुन्या प्रोग्रामला आता ती समजेलच असं नाही, म्हणून मुद्दाम नाव वेगळं ठेवलं जातं.

एव्हीकोडेक ५७ म्हणजे एफएफएमपेग ३ ची मालिका. ५८ म्हणजे ४ ची, जी २०१८ मध्ये आली. ५९ म्हणजे ५, २०२२ मधली. ६० म्हणजे ६, २०२३ ची, ६१ म्हणजे ७, २०२४ ची, आणि ६२ म्हणजे ८, २०२५ ची. इथपर्यंत सरळ आहे. गोची पुढे आहे, एव्हीयुटिलचे आकडे वेगळे चालतात. एफएफएमपेग ४ मध्ये एव्हीकोडेक ५८ आहे पण एव्हीयुटिल ५६ आहे, ५ मध्ये एव्हीयुटिल ५७, ६ मध्ये ५८, ७ मध्ये ५९. म्हणजे एव्हीकोडेक-५८ आणि एव्हीयुटिल-५८ या दोन फाइलींचा आकडा सारखा असला तरी त्या दोन पिढ्या लांब आहेत आणि त्यांची जोडी कधीच जमणार नाही. सुट्या फाइली गोळा करणारे नेमके इथे फसतात, आकडा जुळला म्हणून बरोबर वाटतं. एसडब्ल्यूरीसॅम्पल तर ४ च्या मालिकेत फक्त ३ नंबरची आहे. म्हणून सुटी फाइल शोधूच नका, पूर्ण संच घ्या.

नाव बदलून का चालत नाही तेही सांगतो, कारण हा सल्ला सगळीकडे फिरतोय आणि तो चुकीचा आहे. ५९ ची फाइल घेतली आणि तिला ५८ म्हटलं तर विंडोज फसेल, प्रोग्राम फसणार नाही. एफएफएमपेग ५.० मध्ये जुनी कितीतरी फंक्शन्स काढून टाकली, उदाहरणार्थ सगळे कोडेक नोंदवणारं ‘एव्ही रजिस्टर ऑल’ आणि फ्रेम उलगडणारं ‘एव्हीकोडेक डिकोड व्हिडिओ२’. जुना प्रोग्राम ती नावं मागतो, फाइलमध्ये ती नसतात, आणि मग “प्रोसिजर एंट्री पॉइंट सापडला नाही” असा मेसेज येतो. हा मेसेज आला तर नशीब चांगलं समजा, कारण निदान कळतं तरी. त्याहून वाईट म्हणजे नावं जुळतात पण आतल्या स्ट्रक्चरमधली फील्ड सरकलेली असतात, प्रोग्रामला वाटतं इथे रुंदी लिहिली आहे आणि तिथे असतं भलतंच, मग कधी क्रॅश, कधी हिरवा-गुलाबी व्हिडिओ. दोन तास एक्स्पोर्ट लावून शेवटी खराब फाइल हातात आलेल्या माणसाचं दुःख मला माहीत आहे, तेव्हा हे करू नका.

तर मग करायचं काय. खाली सगळी नावं देवनागरीत लिहितोय, कमांड टाइप करताना ती अर्थातच रोमन अक्षरांत करायची.

विंडोजवर पहिलं काम, कमांड प्रॉम्प्ट उघडून ‘व्हेअर’ ही कमांड द्यायची आणि पुढे फाइलचं पूर्ण नाव, म्हणजे एव्हीकोडेक-५८ डॉट डीएलएल. पाथमधल्या ज्या ज्या फोल्डरमध्ये ती आहे ते सगळे पत्ते क्रमाने दिसतात. मी ही कमांड ६० च्या फाइलसाठी चालवली तेव्हा तीन ओळी आल्या, एक रेकॉर्डरची, एक केव्हातरी टाकलेल्या टीव्ही ट्यूनरच्या सॉफ्टवेअरची, आणि एक मीच डाउनलोड्समधून उघडून विसरलेल्या फोल्डरची. ५८ साठी एकही नाही. तिथेच उत्तर मिळालं.

विंडोज डीएलएल शोधताना सर्वसाधारणपणे आधी प्रोग्रामची एक्झी (प्रोग्राम चालू करणारी फाइल) ज्या फोल्डरमध्ये आहे तिथे बघतं, मग सिस्टिमचे फोल्डर, मग चालू फोल्डर आणि सगळ्यात शेवटी पाथ. या क्रमातच इलाज आहे. फाइली एक्झीच्या शेजारी ठेवल्या की पाथमध्ये कोणी काहीही गोंधळ घालो, तुमच्या प्रोग्रामला आधी स्वतःच्या घरातलीच सापडते, आणि दुसऱ्या कोणत्या प्रोग्रामलाही तिचा त्रास होत नाही. सिस्टिम३२ मध्ये टाकल्यावर नेमकं उलट होतं, ज्यांच्याकडे स्वतःची फाइल नाही असे सगळे प्रोग्राम तीच उचलतात आणि एकाचं दुखणं सगळ्यांना लागतं.

संच कुठून घ्यायचा? एफएफएमपेग प्रोजेक्ट स्वतः फक्त सोर्स कोड देतो, तयार बिल्ड, म्हणजे कंपाइल करून थेट वापरता येणाऱ्या फाइली, दुसरे लोक करतात, पण प्रोजेक्टच्या अधिकृत डाउनलोड पानावरून त्यांच्याकडे लिंक दिलेल्या आहेत, त्याच वाटेने जा. आणि इथे एक गोष्ट नीट वाचा, बिल्ड दोन प्रकारच्या असतात, स्टॅटिक आणि शेअर्ड. स्टॅटिकमध्ये सगळं एक्झीच्या पोटात भरलेलं असतं, तीन मोठ्या एक्झी मिळतात आणि डीएलएल एकही नसते. लोक ती उतरवतात, झिप उघडतात, डीएलएल दिसत नाही, आणि मग वैतागून त्या डीएलएल वाटणाऱ्या साइटकडे वळतात. तुम्हाला शेअर्ड बिल्ड हवी, तिच्या बिन फोल्डरमध्ये सगळा संच एकत्र असतो. ५८ हवी असेल तर ४ च्या मालिकेतली, शक्यतो ४.४ ची शेवटची दुरुस्ती झालेली, कारण ४.४ ही २०२१ ची असली तरी तिला नंतरही सुरक्षेच्या दुरुस्त्या मिळत राहिल्या.

उतरवल्यावर त्या बिन फोल्डरमधून एफएफएमपेग चालवून ‘-व्हर्जन’ बघा. शेवटी एक छोटी यादी येते, ४.४ असेल तर एव्हीयुटिलसमोर ५६.७०.१००, एव्हीकोडेकसमोर ५८.१३४.१००, एव्हीफॉरमॅटसमोर ५८.७६.१००, आणि प्रत्येक आकडा तिरक्या रेघेच्या दोन्ही बाजूंना दोनदा छापलेला असतो. डावीकडचा म्हणजे प्रोग्राम बांधताना जी लायब्ररी होती तिचा, उजवीकडचा म्हणजे आत्ता प्रत्यक्ष उचललेलीचा. दोन्हीकडे सारखं असेल तर संच धड आहे. वेगळं दिसलं, किंवा वर ‘लायब्ररी कॉन्फिगरेशन मिसमॅच’ अशी वॉर्निंग आली, तर कुठून तरी परकी फाइल घुसली आहे असं समजायचं. ही दोन रकान्यांची यादी मला फार आवडते, अर्ध्या मिनिटात खरं काय ते सांगते आणि तरी कोणी बघत नाही.

संच एक्झीच्या शेजारी ठेवला आणि तरी प्रोग्राम उघडताना ‘सी’ने सुरू होऊन ‘७बी’ने संपणारा कोड आला, “अ‍ॅप्लिकेशन नीट सुरू होऊ शकलं नाही” असा, तर तो बहुतेक वेळा ३२ बिट आणि ६४ बिटची भेसळ असते. जुना प्रोग्राम ३२ बिटचा असेल तर त्याला ३२ बिटचीच लायब्ररी लागते, मशीन ६४ बिटचं आहे याचा काही संबंध नाही. टास्क मॅनेजरच्या डिटेल्समध्ये प्लॅटफॉर्म नावाचा कॉलम चालू केला की चालू प्रोग्राम किती बिटचा ते दिसतं, पण इथे तो चालूच होत नाहीये, म्हणून प्रोग्राम फाइल्स एक्स८६ मध्ये बसलाय का ते बघा, तो साधारण अंदाज असतो, पक्की खूण नव्हे. आणि नावांचा एक जुना घोळ ध्यानात असू द्या, ६४ बिटच्या विंडोजवर सिस्टिम३२ मध्ये ६४ बिटच्या फाइली असतात आणि ३२ बिटच्या सिसवाऊ६४ मध्ये. नावावरून अगदी उलट वाटतं आणि म्हणूनच तिथे हात घालायचा नाही.

पायथनवाल्यांसाठी वेगळं सांगायला हवं. फाइल पाथमध्ये आहे, कमांड प्रॉम्प्टवर एफएफएमपेग मस्त चालतं, पण पायथनमधून इम्पोर्ट केलं की “स्पेसिफाइड मॉड्यूल सापडलं नाही”. यात दोन गोष्टी असू शकतात. एक, पायथन ३.८ पासून विंडोजवर एक्स्टेंशन मॉड्यूलच्या डीएलएल शोधायला पाथ वापरलाच जात नाही, ओएस मॉड्यूलमधल्या ‘अ‍ॅड डीएलएल डिरेक्टरी’ने फोल्डर स्वतः सांगावा लागतो, आणि तो इम्पोर्टच्या आधी. दोन, हा मेसेज ज्या फाइलचं नाव घेतो ती जागेवरच असते, तिला पुढे लागणारी दुसरी कुठली तरी नसते. एव्हीकोडेक आहे पण एसडब्ल्यूरीसॅम्पल नाही, असं. मेसेजमध्ये त्या दुसरीचं नाव येतच नाही, त्यामुळे माणूस असलेलीच फाइल पुन्हा पुन्हा बदलत बसतो. ‘डिपेंडन्सीज’ नावाचं मोफत टूल आहे, त्यात डीएलएल उघडली की कोणाला कोण लागतं याचं झाड दिसतं आणि न सापडलेली वेगळी खूण करून दाखवतं.

ओपनसीव्हीमध्ये (चित्रं आणि व्हिडिओवर काम करणारी लायब्ररी) व्हिडिओ लिहिताना अजून एक नेहमीचं येतं, ‘ओपनएच२६४ लायब्ररी लोड करता आली नाही’ आणि पुढे अगदी नेमकं फाइलचं नाव, १.८.० वगैरे आकड्यासकट. ही सिस्कोची लायब्ररी आहे, सिस्को तयार बायनरी स्वतः वाटते आणि तिच्या पेटंटची फी भरते, म्हणून ती बाकीच्यांनी सोबत न देता वेगळी उतरवायला ठेवलेली असते. इथेही तेच, मेसेजमध्ये जो आकडा आहे नेमकी तीच फाइल सिस्कोच्या रिलीज पानावरून घ्यायची, नवीन मिळाली म्हणून नवीन नाही.

विंडोजवर ‘एमएफप्लॅट डॉट डीएलएल’ सापडत नाही असं येत असेल तर प्रकरण पूर्ण वेगळं आहे, एफएफएमपेगशी त्याचा संबंध नाही. ती विंडोजच्या स्वतःच्या मीडिया फाउंडेशनची फाइल. विंडोजची एन नावाची आवृत्ती असते, युरोपियन कमिशनच्या २००४ च्या निर्णयानंतर आलेली, तिच्यात मीडियाचे भाग काढलेले असतात. सेटिंग्जमध्ये अबाउटला जाऊन एडिशनच्या नावामागे एन आहे का बघा, असेल तर ऑप्शनल फीचर्समधून मीडिया फीचर पॅक टाका आणि रीस्टार्ट करा. ही फाइल दुसऱ्या मशीनवरून आणून टाकणारेही बघितलेत, तिच्यामागे अख्खी फौज लागते, एकटी येऊन काही होत नाही.

आता लिनक्स. इथे त्रास बहुतेक डिस्ट्रो, म्हणजे उबुंटू, डेबियनसारखं लिनक्स, अपग्रेड केल्यावर होतो. उबुंटू २२.०४ मध्ये एफएफएमपेग ४.४, म्हणजे लिबएव्हीकोडेक ५८, आणि २४.०४ मध्ये ६.१, म्हणजे थेट ६०. डेबियन ११ मध्ये ५८, १२ मध्ये ५९, १३ मध्ये ६१. डिस्ट्रोच्या स्वतःच्या रेपॉझिटरीतलं सगळं नव्या आकड्यावर बांधलेलं येतं, त्याला काही होत नाही, पण तुम्ही बाहेरून आणलेला, केव्हातरी कंपाइल केलेला प्रोग्राम ५८ मागत राहतो आणि “शेअर्ड ऑब्जेक्ट फाइल उघडता येत नाही” म्हणून बसतो. ‘एलडीडी’ कमांडला त्या प्रोग्रामचा पूर्ण पत्ता द्या, कोणती लायब्ररी कुठून येतेय त्याची यादी मिळते आणि जी नाही तिच्यापुढे ‘नॉट फाउंड’. अनोळखी, नेटवरून उचललेल्या प्रोग्रामवर मात्र एलडीडी चालवू नका, काही परिस्थितीत तो प्रोग्राम प्रत्यक्ष चालू शकतो, तिथे ‘ऑब्जडम्प -पी’ वापरून ‘नीडेड’च्या ओळी बघा.

इथे नाव बदलण्याचा भाऊ म्हणजे सिमलिंक, एका फाइलकडे बोट दाखवणारं दुसरं नाव. ६० ला ५८ नावाची सिमलिंक केली की “लिबएव्हीकोडेक अंडरस्कोर ५८ हे व्हर्जन सापडलं नाही” असं येतं, कारण लायब्ररीच्या आत प्रत्येक फंक्शनवर आपल्या पिढीचा शिक्का असतो आणि लोडर नाव नव्हे, तो शिक्का बघतो. मला हे विंडोजपेक्षा बरं वाटतं, चुकीच्या गोष्टीला दारातच अडवलं जातं. ती सिमलिंक काढून टाका, विसरू नका, नाहीतर सहा महिन्यांनी तुम्हालाच कळणार नाही ही कुठून आली. जुन्या रिलीजचं ५८ चं पॅकेज उतरवून जबरदस्तीने बसवायलाही जाऊ नका, ते आपल्यासोबत एक्स२६४, व्हीपीएक्स अशा दहा-वीस जुन्या लायब्रऱ्या मागतं, त्यांचेही स्वतःचे आकडे आहेत, आणि शेवटी पॅकेज मॅनेजर अडकून बसतो.

पहिला मार्ग, त्या प्रोग्रामचं नवीन बिल्ड किंवा फ्लॅटपॅक मिळतंय का बघा, फ्लॅटपॅक आपल्या लायब्रऱ्या वेगळ्या ठेवतं. सोर्स असेल तर पुन्हा कंपाइल करा, बऱ्याचदा एवढंच पुरतं, कोड फारच जुना असेल तर मात्र आधी म्हटलेली काढलेली फंक्शन्स आडवी येतात. काहीच नसेल तर ४.४ चा सोर्स घेऊन ‘प्रिफिक्स’ (कुठे बसवायचं तो पत्ता) वेगळा देऊन, ऑप्ट फोल्डरमध्ये स्वतंत्र जागी बांधा, ‘इनेबल शेअर्ड’ द्यायला विसरू नका, आणि दोन ओळींची स्क्रिप्ट करा जी फक्त त्या प्रोग्रामपुरता ‘एलडी लायब्ररी पाथ’ ठरवते आणि प्रोग्राम चालू करते. तो ‘एलडी लायब्ररी पाथ’ बॅशआरसीमध्ये, म्हणजे टर्मिनल उघडताना दर वेळी चालणाऱ्या फाइलमध्ये, टाकला की प्रत्येक प्रोग्राम आधी तिथे बघायला लागतो आणि नवा गोंधळ सुरू.

एलडीडीच्या यादीत पत्ता यूएसआर लोकल लिबचा दिसला तर कान टवकारा. कधीतरी कोणत्या तरी ट्युटोरियलवरून ‘मेक इन्स्टॉल’ केलेलं असतं, ते पॅकेज मॅनेजरला माहीत नसतं, अपग्रेडमध्ये पुसलं जात नाही, आणि अनेक डिस्ट्रोवर डिस्ट्रोच्या फाइलीआधी तेच उचललं जातं. जुना सोर्स फोल्डर असेल तर ‘मेक अनइन्स्टॉल’, नसेल तर हाताने बाजूला करा, आणि मग ‘एलडीकॉन्फिग’ चालवा, नाहीतर कॅशमध्ये जुनाच पत्ता राहतो.

जीस्ट्रीमर (लिनक्सवर व्हिडिओ-आवाज चालवणारी व्यवस्था) वापरणारे प्रोग्राम असतील, म्हणजे ग्नोमचा व्हिडिओ प्लेअर वगैरे, आणि पॅकेज टाकूनही “डिकोडर नाही” म्हणत असतील, तर ‘जीएसटी-इन्स्पेक्ट’ला ‘-बी’ देऊन ब्लॅकलिस्टची यादी बघा. एखादं प्लगइन एकदा लोड होताना पडलं की जीस्ट्रीमर त्याला काळ्या यादीत टाकतो आणि ती यादी होम फोल्डरच्या डॉट कॅशमध्ये, जीस्ट्रीमर-१.० या फोल्डरमध्ये जपून ठेवतो. लायब्ररी तुम्ही नंतर दुरुस्त केलीत तरी यादीत नाव तसंच राहू शकतं. तो फोल्डर उडवा, पुढच्या वेळी तो स्वतः नव्याने तयार होतो, काही नुकसान नाही.

मॅकवर होमब्रू हा पॅकेज मॅनेजर वापरणाऱ्यांना ‘डीवायएलडी, लायब्ररी नॉट लोडेड’ हे ओळखीचं असेल. ब्रू अपग्रेडने एफएफएमपेग पुढच्या आकड्यावर गेलं आणि त्यावर बांधलेलं काहीतरी मागे राहिलं एवढाच अर्थ. होमब्रूमधलंच पॅकेज असेल तर त्याचं रीइन्स्टॉल, बाहेरचं असेल तर ‘ओटूल -एल’ने ते कोणता आकडा मागतंय ते बघून त्या आकड्याचं वेगळं फॉर्म्युला, म्हणजे होमब्रूचं पॅकेज, टाका. मशीन बदललेल्यांनी पत्ताही बघा, इंटेल मॅकवर होमब्रू यूएसआर लोकलमध्ये असतं आणि अ‍ॅपल सिलिकॉनवर ऑप्ट होमब्रूमध्ये, जुना डेटा जसाच्या तसा आणला की जुने पत्ते सोबत येतात.

एक प्रश्न हमखास येतो, व्हीएलसीमध्ये फाइल चालते मग माझ्याच प्रोग्राममध्ये का नाही, म्हणजे कोडेक तर आहे ना? व्हीएलसी आपले कोडेक स्वतःसोबत घेऊन फिरतो, तो चालला यावरून बाकीच्यांना काही मिळतंय असं होत नाही. कोडेक पॅक टाकूनही त्याच कारणाने फरक पडत नाही, ते पॅक डायरेक्टशो (विंडोजची जुनी मीडिया व्यवस्था) वापरणाऱ्या प्रोग्रामसाठी असतात, एव्हीकोडेक थेट मागणारा तिकडे बघतही नाही.

आणि लायब्ररी व्यवस्थित लोड होतेय पण ‘अननोन एन्कोडर लिबएक्स२६४’ आलं, तर फाइल हरवलेली नाही, तुमच्या बिल्डमध्ये तो भाग घातलेलाच नाही. एक्स२६४ चं लायसन्स जीपीएल आहे, त्यामुळे एलजीपीएल या सैल लायसन्सवर ठेवलेल्या बिल्डमध्ये तो नसतो. ‘-एन्कोडर्स’ देऊन यादी बघा, नसेल तर दुसरी बिल्ड घ्या, आकडा तोच ठेवून. ‘मूव्ह अ‍ॅटम सापडला नाही’ असं आलं तर लायब्ररीला सोडून द्या, ती रेकॉर्डिंगची फाइलच अर्धवट आहे, बंद करायच्या आधी वीज गेली किंवा रेकॉर्डर पडला.

माझ्या मशीनवर शेवटी असं केलं. ४.४ च्या शेअर्ड बिल्डमधून संपूर्ण संच जुन्या प्रोग्रामच्या एक्झीशेजारी ठेवला, रेकॉर्डरचा फोल्डर पाथमधून काढला, रेकॉर्डरला त्याची काही गरज नव्हती, तो आपल्या शेजारच्याच फाइली वापरतो. टीव्ही ट्यूनरचं सॉफ्टवेअर अनइन्स्टॉल केलं. या जुन्या लायब्ररीत मी फक्त स्वतः शूट केलेल्या फाइली उघडतो, नेटवरून आलेलं काही नाही. मग तो अख्खा फोल्डर झिप करून बॅकअप ड्राइव्हवर टाकला आणि आत एक टेक्स्ट फाइल ठेवली, तिच्यात लिहिलंय, एव्हीकोडेक ५८, एव्हीयुटिल ५६, ६४ बिट, शेअर्ड. त्यानंतर रेकॉर्डरचे दोन अपडेट होऊन गेलेत, जुना प्रोग्राम दोन्ही वेळा पहिल्या क्लिकला उघडला.